पिवळ्या पट्टीचा सेल

मित्रांनो, जुना सेल म्हटलं की तुम्ही नाक मुरडणार, ठाऊक आहे मला! पण मी साधासुधा नाही, लिथियम-आयन घराण्यातला आहे. उंची बोटाएवढी, वेष्टन निळं आणि तोरा विचारू नका. एका लखलखीत कारखान्यात माझा जन्म झाला. पुढे मी एका लॅपटॉपमध्ये वर्षानुवर्षं राबलो. "चार्जिंग किती टिकतं बघा!" असं मालकीणबाई येईल त्याला सांगायच्या. मग नवा लॅपटॉप आला आणि मी खणात पडलो. तिथून आलो बॅटरीच्या या दुकानात.

दुकान एका चढाच्या टोकाला आहे. इथे वहिनी आम्हाला पारखतात आणि त्यांचे दीर आम्हाला जोडून पॅक बांधतात. वहिनींची नजर काय वर्णावी! आधी त्या प्रकार बघतात. फॉस्फेटचे सेल बाजूला, कारण त्यांचं चार्जिंगचं माप आमच्याहून निराळं. मग प्रत ठरते. हिरवी पट्टी अवजड कामाला, पिवळी हलक्या कामाला. लाल पट्टी लागली, की रवानगी थेट सेल मोडून धातू काढणाऱ्या कारखान्यात.

एकदा शिवणकाम करणाऱ्या एक मावशी व्हीलचेअरवरून आल्या. चेअर अर्ध्या चढावर बंद पडली होती. वाटसरूंनी त्यांना ढकलत वर आणलं होतं.

"लोक चांगले आहेत गं," त्या वहिनींना म्हणाल्या, "पण असं ढकलत नेलेलं मला नाही आवडत. माझी मी यायला हवी."

दीर लगेच नवा पॅक बांधायला बसले. त्यांनी मला मीटर लावला. "वहिनी, हा घ्या, काठोकाठ भरलेला! अंगावर ओरखडासुद्धा नाही." मी हरखलोच.

"थांबा भावजी. बसल्या जागी सगळेच पैलवान. जोर लावायला सांगू, मग कळेल."

त्यांनी मला भार देणाऱ्या यंत्रात बसवलं. अरे देवा! माझं व्होल्टेज धाडकन घसरलं, अंग तापलं. शेजारी एक कळकट, फाटक्या वेष्टनाचा सेल होता. तो ढिम्म हलला नाही. हिरवी पट्टी त्याला मिळाली आणि मला पिवळी.

"एकाने असा काय फरक पडतो?" दीर कुरकुरले.

"एकाने दम सोडला की सगळा पॅक बसतो. मग मावशी पुन्हा अर्ध्या चढावर. चालेल?"

दीरांनी तो कळकट सेल पॅकसाठी उचलला. मला मात्र फार लागलं. वहिनींनी मला उचललं आणि दुकानाच्या बेलमध्ये बसवलं.

पॅक तयार झाला. चेअरला लावून मावशी चढ उतरून गेल्या. "मी वर येईपर्यंत कोणी दाराबाहेर यायचं नाही," असं बजावून गेल्या होत्या. वहिनी कामात असल्याचं दाखवत होत्या, पण पुसलेलाच सेल पुन्हा पुन्हा पुसत होत्या.

आणि बाहेरून बटण दाबलं गेलं. होती नव्हती ती सगळी ताकद लावून मी वाजलो!

"आले गं! माझी मी आले!"

वहिनींनी डोळ्यांना पदर लावला. दीर म्हणाले, "वहिनी, तुमच्यापुढे हात टेकले!"

मित्रांनो, जुने सेल कचऱ्यात फेकू नका. ठेचू नका, जाळू तर मुळीच नका. आम्हाला जाणत्या हातांत द्या. अशाच हातांनी मला त्या पॅकमधून वगळलं, म्हणून मावशी चढ चढल्या. आणि त्या आल्याची वर्दी सगळ्यांच्या आधी मीच दिली.