नेणाऱ्याचा कोट

दारावर टकटक झाली तशी थोरलीने ओठ घट्ट मिटून घेतले. ब्रश शाईच्या बाटलीवर आडवा ठेवून ती उठली, पॅसेजमधून चालत दारापर्यंत गेली आणि तोंडातून चकार शब्द न काढता तिने दार सताड उघडलं. बाहेर सिस्टर उभी होती. वडिलांचं अंग पुसून इंजेक्शन द्यायला ती रोज यायची.

"दार उघडंच असतं. मधे वीट लावलेली असते. ढकलून यायचं, टकटक करायची नाही. किती वेळा सांगितलंय तुम्हाला?"

"अहो ताई, सवयीने होतं हो. लोकांच्या घरात असं कसं घुसायचं?"

"घुसा. खुशाल घुसा."

सिस्टर तिच्याकडे बघत बघत चपला काढू लागली. घरात आजारपण लांबलं की माणसं चक्रम होतात, हे तिला धंद्यामुळे ठाऊक होतं. पण या बाईचं जरा अतीच होतं. आल्यागेल्याला साधं 'या' म्हणत नाही ही, असं सिस्टरने खालच्या मजल्यावर सांगूनही झालं होतं.

सिस्टरचं काही चुकलं नव्हतं. थोरली खरोखरच कुणाला 'या' म्हणत नव्हती. त्याचं कारण सांगायची मात्र तिला लाज वाटायची. का नाही वाटणार? थाप आपणच मारायची आणि तिला आपणच भ्यायचं, म्हणजे झालं की कर्म!

थोरली चित्रकथा काढायची. 'नेणारा' ही तिची मालिका दर महिन्याला निघायची आणि बरीच खपायची. ज्याची वेळ भरली त्याला पलीकडे पोचवणारा हा किडकिडीत माणूस. अंगात लांब काळा कोट, छातीवरचं दुसरं बटण तुटलेलं. पलीकडे म्हणजे एक धुकट मैदान, आणि तिथे जो तो आपल्या घरातल्या नेहमीच्या खुर्चीवर बसलेला. तिसऱ्या अंकाच्या वेळी गोष्ट लवकर संपली आणि एक पान उरलं. भरायचं कशाने? म्हणून तिने नेणाऱ्याला अख्खं पानभर एका बंद दारासमोर नुसता उभा केला, आणि त्याला निमित्त म्हणून खाली एक ओळ टाकली: घरातलं कुणीतरी आतून 'या' म्हणाल्याशिवाय नेणाऱ्याला उंबरा ओलांडता येत नाही. झालं. वाचकांनी ती ओळ उचलून धरली. पुढचे सगळे अंक त्या एका ओळीवर उभे राहिले. कुणी भोळेपणाने 'या' म्हणायचं, कुणी दुष्टाव्याने, कुणी दमून.

वडील अंथरुणाला खिळले, डॉक्टरांनी मान हलवली, आणि एके सकाळी दूधवाल्याने बेल दाबल्यावर थोरलीच्या घशात तो शब्द अडकला तो अडकलाच. दुसऱ्या दिवशी तिने बेलची वायर काढून टाकली. गच्चीवरून वीट आणली ती त्यानंतर.

"चितारीणबाई," आतून हाक आली. "सिस्टर आली का? का तिलाही हाकलून दिलीस?"

वडील शिंपी होते. बाजाराच्या गल्लीत त्यांचं एका माणसापुरतं दुकान होतं, त्यात कपाटाएवढी जागा आणि तोंडाला मात्र आवर नाही. आता अंगात होतं नव्हतं ते सगळं मांस गेलं होतं, पण सुंभ जळाला तरी पीळ कुठे जातो? पाठीच्या कण्यात दुखणं होतं. औषधाचा असर उतरला की ते उशीचा अभ्रा दातांत धरायचे, आणि दुखणं ओसरलं की अभ्रा सोडून पहिली थट्टा करायचे. थोरलीला ती थट्टाच सहन होत नसे. ते कण्हत तेव्हा तिला निदान काही करता तरी यायचं.

त्यांच्या पलंगासमोर खुंटीवर तो कोट टांगलेला होता, खराखुरा. 'नेणारा'चा पहिला अंक हातात पडला तेव्हा वडिलांनी चष्मा कपाळावर चढवून विचारलं होतं, "हा कोट कुठल्या गाढवाने शिवलाय? खांदा बघ कुठे उतरलाय." मग उरल्यासुरल्या काळ्या कापडातून त्यांनी स्वतः कोट शिवला, अस्तरासकट. धाकट्या भावाला तो घालून उभं करायचं आणि थोरलीने बघून काढायचं. एकदा जिना उतरतानाचं चित्र काढताना धाकटा धडपडला आणि बटण तुटलं. वडील सुई घेऊन आले, तर थोरलीने त्यांना अडवलं. असू दे बाबा, छान दिसतंय, इतकी घरं फिरणाऱ्या माणसाचं एखादं बटण तुटणारच.

तेव्हापासून वडिलांचं एकच गाऱ्हाणं होतं.

"माझ्या हातचा कोट, आणि छातीवर बटण नाही. महिन्याच्या महिन्याला छापून माझी अब्रू काढतेस."

ते बटण त्यांनी जपून ठेवलं होतं. चार भोकांचं, काळं, कडेचा टवका उडालेलं. हल्ली ते उशाशी बशीत असायचं. शेजारी सुई, ओवलेली. त्यांनीच ओवून मागितली होती, कारण त्यांच्या बोटांत आता पाण्याचा पेलाही ठरत नव्हता.

"काय करायचीय सुई?" थोरलीने विचारलं होतं.

"तो येईल तेव्हा लावून देईन. तुझ्या हट्टापायी बिचारा इतकी वर्षं तसाच हिंडतोय."

संध्याकाळी धाकटा गॅरेजमधून आला तो विटेला ठेचकाळूनच. अंगठा धरून एका पायावर नाचत तो स्वयंपाकघरात आला.

"ताई, पुरे झाला हा पोरखेळ! डॉक्टर काय म्हणाले ते ऐकलंस ना? आता यातून उठायचे नाहीत ते. आणि तुझी ही वीट! यमाला विटेने अडवतेस होय?"

"विटेने नाही अडवत. टकटक होऊ नये म्हणून आहे ती."

"तेच ते. खुळ्याचा बाजार नुसता."

थोरलीने हातातलं पातेलं दणकन ओट्यावर ठेवलं.

"खुळचटपणा वाटतो ना तुला? मग जा. दार लाव, आत उभा राहा आणि मोठ्याने म्हण 'या'. एकदाच म्हण. मी वीट फेकून देते."

धाकटा तरातरा दारापर्यंत गेला. पायाने वीट सरकवून त्याने दार लावलं. कडीवर हात ठेवून तो उभा राहिला. आतल्या खोलीतून वडिलांचा श्वास ऐकू येत होता, फाटक्या कापडावर कात्री चालावी तसा. धाकट्याने तोंड उघडलं, आणि मिटलं. मग दार उघडून वीट होती तिथे ठेवली.

"दूध संपलं असेल," तो म्हणाला, "घेऊन येतो," आणि अंगठा ठणकत असतानाच खाली उतरला. दुधाचं पातेलं भरलेलं होतं. थोरलीला त्याची इतकी दया आली की ती ओट्याला टेकून रडली.

त्यानंतरचे दिवस वाईट गेले. इंजेक्शनाला वडील दाद देईनासे झाले. पाठीला जखमा झाल्या, कूस बदलायला घेतलं की त्यांच्या तोंडून असा आवाज निघायचा की शेजारीण आपलं दार हळूच लावून घ्यायची. पाणीही चमच्याने ओठ ओले करण्यापुरतंच. मालिकेचा शेवटचा अंक राहिला होता, संपादकाचा फोन वाजत राहायचा आणि थोरली तो उचलत नसे.

त्या दुपारी ऊन थेट पलंगापर्यंत आलं होतं. दुखण्याची एक लाट येऊन गेली होती. वडिलांनी अभ्रा तोंडातून सोडला. थोरलीने त्यांचं कपाळ पुसलं.

"तुझा तो म्हातारीचा अंक," ते म्हणाले. एकेक शब्द सुटा येत होता. "सांग बरं गोष्ट."

"कुठला?"

"सोंग करू नकोस. कुणीच 'या' म्हणत नाही, तो."

त्या अंकात एका म्हातारीची वेळ भरलेली असते. मुलंबाळं चांगली, जीव लावणारी. नेणारा दारात उभा असतो आणि घरात कुणी तोंड उघडत नाही. म्हातारी झिजत जाते, आवाज जातो, डोळे जातात, तरी सुटत नाही. शेवटच्या चित्रात नेणारा बंद दाराला पाठ लावून खाली बसलेला असतो आणि त्याने कानांवर हात ठेवलेले असतात.

"मी वाचून तुला काय म्हणालो होतो?"

"'या पोरांना फोडून काढलं पाहिजे' म्हणाला होतात."

"आणि तू?"

"मी म्हणाले, 'बाबा, त्यांचं प्रेम आहे हो.'"

"मग?"

"मग तुम्ही म्हणालात, 'प्रेम कसलं, माजलीत मेली.'"

वडिलांना हसू आलं. हसण्याने कळ उठली आणि त्यांनी पुन्हा अभ्रा चावला. थोरली त्यांचा हात धरून बसून राहिली. हात केवढासा झाला होता. याच हाताने तिच्या पहिल्या फ्रॉकला झालर लावली होती, आणि आता त्याला तिच्या बोटांभोवती मूठसुद्धा वळवता येत नव्हती. तिला वडील हवे होते. असेच, कण्हणारे, टोचून बोलणारे, कसेही. कुणी काहीही म्हटलं तरी तिला ते घरात हवे होते.

"पोरी," ते म्हणाले. चितारीणबाई नाही, पोरी. "तो कधीचा उभा आहे. पाय दुखले असतील त्याचे."

"तसं काही नसतं बाबा. ती मी पान भरायला मारलेली थाप आहे."

"मग म्हणायला काय जातं तुझं?"

तिने त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. ओठांच्या कडांना रक्त वाळलं होतं. ती उठली. पॅसेज ओलांडून दाराशी गेली, वाकून वीट उचलली आणि कोपऱ्यात ठेवली. दार लागलं. मग ती तिथेच उभी राहिली. कुणी टकटक केली नाही. खाली कुणीतरी स्कूटरला किका मारत होतं, ती सुरू झाली, निघून गेली. दाराच्या लाकडाला कपाळ टेकून तिने डोळे मिटले.

"या," ती म्हणाली.

काही झालं नाही. काय व्हायचं होतं? तिला स्वतःचीच लाज वाटली. नाक पुसून ती खोलीत परतली. वडील कोटाकडे, नाहीतर कोटाच्या अलीकडे कुठेतरी बघत होते.

"चहा टाक," ते म्हणाले. आवाज बरा वाटला तिला. "दोन कप."

"तुम्हाला गिळता येतोय का चहा?"

"तू टाक गं. आलं घाल. घाई करू नकोस."

किती दिवसांनी त्यांनी काही मागितलं होतं. थोरलीने आधण ठेवलं, आलं किसलं, चहा नीट उकळू दिला. आत शांत होतं. एकदा वडील काहीतरी पुटपुटल्यासारखं वाटलं, गिऱ्हाईकाला दुकानात म्हणायचे तसं, सरळ उभे राहा, हलू नका. आठवणीत बोलत असतील, असं तिच्या मनात आलं. ती दोन कप घेऊन आत आली तेव्हा वडील गेलेले होते. कपाळावर आठी नव्हती. अभ्रा तोंडात नव्हता.

धाकटा धावत आला. डॉक्टर येऊन गेले, सिस्टर येऊन डोळे पुसून गेली. स्टुलावरच्या दोन्ही कपांवर साय धरली होती. धाकटा पलंगाच्या कडेला बसला होता, तो एकाएकी उठला.

"ताई, त्यांचं बटण राहिलं गं. एवढंच मागत होते ते. मी लावतो कोटाला. दे इकडे."

थोरलीने बशी पुढे ओढली. बशी रिकामी होती. धाकट्याने उशी उचलली, चादर झटकली, गुडघ्यांवर बसून मोबाईलच्या उजेडात पलंगाखाली पाहू लागला.

थोरलीला सुई दिसली. उशीच्या कडेला ती नीट टोचून ठेवलेली होती, वडील काम झाल्यावर टोचून ठेवायचे तशी. तिने हातभर दोरा ओवून दिला होता. आता बोटभरच उरला होता, आणि त्याचं टोक दातांनी तोडलेलं होतं.

तिने मान वर करून खुंटीकडे पाहिलं. कोट होता तसाच टांगलेला होता, दुसरं बटण नसलेला.

"इथेच पडलं असणार कुठेतरी," पलंगाखालून धाकटा रडवेल्या आवाजात म्हणाला. "जाईल कुठे?"

"राहू दे," थोरली म्हणाली. "सापडायचं नाही ते."