रक्ताच्या नात्याचा साक्षीदार

थोरली नागरिकत्व सोडायला निघाली ती काही परदेशाच्या प्रेमापोटी नव्हे. तिकडे तिचं बरं चाललं होतं आणि इकडचा पासपोर्ट ठेवूनही ते तसंच चाललं असतं. तिला धाकट्या भावाचा बर्फाचा कारखाना बुडवायचा होता. कारण एवढंच, आणि ते तिने स्वतःपासून कधी लपवलं नाही.

कारखाना कागदोपत्री तिचा होता. धाकट्याचं भागीदाराशी कोर्टात वाजलं, तेव्हा जप्तीच्या धास्तीने त्याने जागा, इमारत, यंत्रं, सगळं बहिणीच्या नावावर करून टाकलं होतं. खटला मिटला तरी ते तसंच राहिलं. ताई काय, घरचीच. शिवाय ती परदेशात आणि गल्ल्यावर हा, तेव्हा बदलायची घाई कुणाला?

मग आई आजारी पडली. जुन्या मृत्युपत्रात घर एकट्या धाकट्याला होतं; आता तिला ते दोघांत वाटून द्यायचं होतं, आणि थोरली उशाशी येऊन बसली की ती ते करून मोकळी होणार, हे धाकट्याला पक्कं ठाऊक होतं. म्हणून थोरलीचा फोन आला की उत्तर ठरलेलं. "आत्ताच डोळा लागलाय गं तिचा. आता खूप बरी आहे. उठवू का?" आजारी माणसाला उठव असं कोण म्हणेल? थोरली नको म्हणायची. आई गेल्याचं तिला कळलं ते सगळं उरकल्यावर.

ती भांडली नाही. रडलीसुद्धा दार लावून. मग तिने इकडचा एक वकील गाठला आणि विचारलं, मी या देशाची राहिले नाही तर माझ्या नावावरच्या मालमत्तेचं काय होईल? आधी विकली नाहीत तर सरकारजमा, वकील म्हणाला. विकायची नाहीये, ती म्हणाली.

धाकट्याला तिने नागरिकत्व सोडतेय एवढंच कळवलं. बाकीचं त्याने स्वतःच जुळवलं. बहीण परकी झाली की तिचं नाव आपोआप गळणार आणि सगळं जवळच्या वारसाकडे, म्हणजे आपल्याकडे येणार, असं त्याला कुणा मित्राने छातीठोक सांगितलं होतं. वकिलाची फी वाचवणाऱ्यांना असे मित्र भेटतातच.

"साक्षीला इथलं, रक्ताचं माणूस लागतं," ती फोनवर म्हणाली. "येशील?"

"तू सांगायचा अवकाश, ताई."

आला तो इस्त्रीचा शर्ट घालून. कार्यालय म्हणजे एक लांबट खोली, हिरवट भिंती, आणि टेबलामागे सर्दीने बेजार झालेला अधिकारी. इथली रीत अशी की, स्वखुशीने सोडताय का, हा एकच प्रश्न अर्जदाराला तीनदा विचारायचा. मधल्या वेळात त्याला बाहेरच्या बाकावर बसवून विचार करू द्यायचा. तिसऱ्या होकारानंतर पासपोर्टचा कोपरा कापायचा. साक्षीदाराची सही मात्र सगळे परिणाम त्याच्या देखत मोठ्याने वाचल्यावरच घ्यायची.

थोरलीला भीती होती ती या वाचनाची. धाकट्याच्या कानावर एक वाक्य पडलं असतं तरी तो उठून चालता झाला असता, आणि रक्ताचं दुसरं माणूस तिला उरलं नव्हतं.

पहिला होकार देऊन झाला. अधिकारी वाचू लागला. मतदानाचं झालं, नोकरीचं झालं. मालमत्तेचं कलम आलं आणि धाकट्याचा फोन वाजला.

"अरे, बर्फाच्या डब्यांभोवतीच्या पाण्यात मीठ किती टाकलंस? कमी? मग बर्फ धरेल कसा?" त्याने अधिकाऱ्याला हातानेच, चालू द्या, अशी खूण केली. अधिकारी नाक पुसत वाचत राहिला आणि शेवटी त्याने विचारलं, "ऐकलंत ना?"

"ऐकलं, ऐकलं. सही कुठे करू?"

त्याने सही केली, चांगली लफ्फेदार.

दुसरा होकारही झाला. बाकावर धाकट्याने तिला आपल्या हाताने चहा आणून दिला. तिने तो सगळा प्यायला.

पुन्हा आत बोलावल्यावर अधिकाऱ्याने एक कागद धाकट्यापुढे सरकवला. "कारखान्यात तुम्हीच बसता ना? मग ताब्याची नोटीस तुम्हालाच देतो. बाईंचा तिसरा होकार झाला की ती लागू. महिनाअखेर किल्ल्या जमा करा."

धाकटा आधी हसला. मग त्याने कागद वाचला, आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं. "साहेब, माझी सही खोडा."

"ती खोडता येत नाही. बाई माघार घेऊ शकतात. अजून एकदा विचारायचंय."

तो तिच्याकडे वळला. "ताई, चुकलं माझं. आईचं घर घे. अख्खं घे. पण हे करू नकोस." लहानपणी तापात तो याच आवाजात हाक मारायचा आणि ती उठून जायची. आताही तिचं मन हललं, खोटं कशाला सांगा.

"शेवटी आई काय म्हणत होती?" तिने विचारलं. "खरं सांग."

खरं सांगून सुटका होईल असं त्याला वाटलं असावं. "तुझंच चाललं होतं. ताई कधी येतेय, ताई कधी येतेय."

"मग तू काय सांगितलंस?"

"म्हटलं, सवड नाही म्हणाली ती."

हे तिला माहीत नव्हतं. आईची भेट हुकवली, एवढाच गुन्हा तिने आजवर त्याच्या नावावर धरला होता. लेकीला आपल्यासाठी वेळ नाही, असं समजून आई गेली, हे तिच्या कधी मनातही आलं नव्हतं.

"बाई, तिसऱ्यांदा विचारतो. स्वखुशीने सोडताय?"

"हो. स्वखुशीने."

कात्री चालली. धाकटा खुर्चीत खचून बसला. म्हणाला, "तुला काय मिळालं गं यातून?"

"काही नाही," थोरली पर्स उचलत म्हणाली. "पण सवड होती मला. बघितलंस ना?"