सात जणींची सुनावणी

राज्यपाल होण्याआधी साहेब एकतीस वर्षं न्यायाधीश होते. तिथे त्यांनी लिहिलेल्या शब्दाने माणूस तुरुंगात जाई. इथे काम एवढंच, की मंत्रिमंडळाने पाठवलेल्या कागदावर सही करायची आणि उरलेल्या वेळात फिती कापायच्या. पहिल्या महिन्यात त्यांनी सव्वीस फिती कापल्या. सत्ताविसाव्या वेळी तबकातली कात्री पाहूनच त्यांनी तोंड फिरवलं.

"अहो, हसा की जरा," बायको कुजबुजली. "फोटोत जन्मठेप सुनावल्यासारखे दिसता."

सचिव फाइल आणायचा ती शेवटच्या पानावर उघडलेली, सहीच्या जागी पिवळी चिठ्ठी चिकटवलेली. साहेब ती मिटून पहिल्या पानापासून वाचायचे, आणि सचिव घड्याळाकडे बघत उभा राहायचा.

त्या सोमवारी पहिल्याच पानावर ओळखीचा माणूस निघाला. ज्याच्या भेसळीच्या सिमेंटमुळे शाळेचं छत कोसळून अकरा मुलं गेली, तो कंत्राटदार. त्याला चौदा वर्षं साहेबांनीच दिली होती. त्यातली पाच झाली होती. मंत्रिमंडळाचा सल्ला असा: वर्तणूक चांगली, उरलेली शिक्षा माफ.

"परत पाठवा हे."

"आधीच्या राज्यपालांनी एकदा परत पाठवलंय, साहेब. दुसऱ्यांदा आलं की सही करावीच लागते. तुम्हाला मी काय कायदा सांगणार!"

साहेबांना कायदा पाठ होता. पण एक सवयही हाडात मुरलेली होती. दुसरी बाजू ऐकल्याशिवाय त्यांनी आयुष्यात एकाही हुकमावर सही केली नव्हती.

"त्या मुलांच्या आयांना बोलवा."

"छान कल्पना आहे, साहेब," सचिव लगेच म्हणाला. तो इतक्या पटकन कबूल झाला, तिथेच खरं तर त्यांना शंका यायला हवी होती.

गुरुवारी त्यांतल्या सात जणी आल्या. मखमली खुर्च्यांच्या कडेवर जेमतेम टेकल्या. एकीने मुलाचं प्रगतिपुस्तक मांडीवर धरलं होतं. सोनेरी कडेच्या कपांतून चहा आला.

"ताई, कप जरा वर धरा," फोटोग्राफर म्हणाला.

साहेबांनी त्याला बाहेर घालवलं आणि वही उघडली. तासभर एकेकीचं ऐकून शब्दन्‌शब्द उतरवला.

शेवटी त्यांच्यातल्या शिवणकाम करणाऱ्या एकीने विचारलं, "एवढं लिहून घेतलंत. मग आता तो सुटायचा नाही ना?"

साहेबांचं पेन थांबलं. "ते माझ्या हातात नाही."

"मग आम्हाला बोलावलंत कशाला? कामं बुडवून रडून दाखवायला?" ती उठली. "चला गं."

कप तसेच भरलेले राहिले.

दहा मिनिटांत सचिव फाइल घेऊन आला. पिवळ्या चिठ्ठीच्या वर नवी ओळ टाइप केलेली होती: 'माननीय राज्यपालांनी पीडित कुटुंबांशी सविस्तर चर्चा केली आहे.'

"आता कोणी बोट दाखवणार नाही," तो समाधानाने म्हणाला.

साहेबांना सचिवाची किळस आली, पण त्याहून जास्त स्वतःची. जन्मभर जी सवय अभिमानाने मिरवली, तिचं पायपुसणं झालं होतं, आणि ते त्यांनीच आपल्या हाताने अंथरलं होतं. त्यांनी कोरा कागद ओढून तीन ओळींत राजीनामा लिहिला.

"साहेब, उद्या दुसरे येतील. परवा सही होईल."

"माहीत आहे."

बायका फाटकाबाहेर बसची वाट पाहत होत्या. साहेब धापा टाकत तिथवर गेले. "मी खुर्ची सोडली. माझी सही होणार नाही."

"आणि तो?" शिवणकामवालीने विचारलं.

"तो सुटेल."

"म्हणजे तुम्ही हात धुऊन मोकळे झालात." तिने त्यांना खालपासून वरपर्यंत पाहिलं. "आणि आम्ही आलो होतो, ते कागदात लिहिलंय?"

साहेबांना हो म्हणावं लागलं. काय लिहिलंय तेही सांगावं लागलं.

"मग आधी ते खोडा. मग कुठे जायचं ते जा."

साहेब मागे वळले. कार्यालयात सचिव फाइलला दोरी बांधत होता. साहेबांनी ती सोडली, टाइप केलेली ओळ आडवी खोडली आणि समासात लिहिलं: 'सात जणी आल्या होत्या. सातही जणी नको म्हणाल्या.' वहीतली पानं फाडून मागे जोडली. मग खोडलेल्या ओळीपाशी आद्याक्षरं घातली, तारीख टाकली, आणि सहीची जागा कोरी ठेवून फाइल सचिवाच्या हातात दिली.