वादकांच्या पायाखाली

मी एक गालिच्याचा तुकडा बोलतोय. ‘बोलतोय’ म्हणताना संकोच वाटतो, कारण माझं सगळं आयुष्य दुसऱ्याचा आवाज दाबण्यात गेलं. तेव्हा माझं कितपत ऐकायचं, ते तुम्हीच ठरवा.

नॉर्वेतल्या बर्गन शहरात, एका हॉटेलात जिन्यावर गालिचा अंथरून झाला आणि मी उरलो. फ्रोडेने मला उचललं, तेव्हा तो पंचविशीतला होता आणि वादकांवर माहितीपट काढायला निघाला होता. आमच्याकडचे वादक व्हायोलिन वाजवताना बुटाने ठेका धरतात. जमीन फळ्यांची, बूट जाड तळव्यांचे. फ्रोडेच्या नाजूक मायक्रोफोनला ते सोसवेना. म्हणून वादक खुर्चीत बसला, की त्याच्या पायाखाली मला सरकवायचं.

फ्रोडेची कारकीर्द माझ्यावर उभी आहे, असं म्हणायचं धाडस मी करणार नाही. पण मग ती कशावर उभी आहे, हेही मला कळलेलं नाही. त्याच्या प्रत्येक माहितीपटात एक म्हातारा असे आणि भरपूर धुकं असे. म्हाताऱ्याचा गज तारांवरून दोनदा फिरतो न फिरतो, तोच फ्रोडेचा भारदस्त आवाज सुरू होई : ही परंपरा लोप पावत आहे. पावेल नाही तर काय? तिला वाजू दिलं तर ना!

बक्षिसं मात्र मिळत गेली. आवाज किती स्वच्छ, असं परीक्षक म्हणत. मीही फुगायचो.

मग आम्ही तेलेमार्कच्या एका डोंगरी खोऱ्यात गुनवोरकडे गेलो. त्या खोऱ्यातली एक जुनी नाचाची चाल फक्त या म्हातारीला येत होती आणि तिची बोटं आखडत चालली होती. तिची नात तोने अजून शिकाऊ होती. माहितीपटात चाल राहिली तर पुढे पोरीला त्यावरून बसवता येईल, एवढ्यासाठी गुनवोर तयार झाली.

मला पाहून तिने विचारलं, “हे मांजरासाठी अंथरलंय का?”

फ्रोडेने समजावलं, की पायाचा आवाज नंतर वेगळा घालता येतो.

“पाय वेगळा? मग मी कुठल्या खोलीत बसू?”

तरी नातीसाठी ती वाजवायला बसली. तिचा ठेका मला कळत होता. तीन मात्रा, पण सारख्या नव्हेत. पहिली ऐसपैस, तिसरी आखूड, बस चुकेल म्हणून दाराबाहेर पडणाऱ्या माणसासारखी. मी तो ठेका गिळला. तेच माझं काम.

पुढे ऑस्लोच्या स्टुडिओत एका माणसाने फळीवर बूट आपटून पायाचा आवाज घातला. तिन्ही मात्रा घड्याळासारख्या समान. याही माहितीपटाला बक्षीस मिळालं आणि मानपत्रात ‘अस्सल मातीतला ठेका’ असा खास उल्लेख झाला.

वर्षभराने खोऱ्यातल्या सभागृहात माहितीपट दाखवला. कॉफी झाली, वाफल्स झाली. गुनवोरची चाल लागताच काही जोड्या हौसेने नाचायला उठल्या आणि एकमेकांच्या पायांत अडखळल्या. त्यांची वयं झाली असतील, असं फ्रोडेला वाटलं. पण त्यांत तोनेही होती. ती थांबली. “आजी, मला ठेका सापडत नाहीये.”

गुनवोर शांतपणे म्हणाली, “व्हायोलिन माझं आहे. हा पाय कुणाचा?”

तिची बोटं आता पार आखडली होती. चाल पुन्हा वाजवणं शक्य नव्हतं.

फ्रोडेचा चेहरा उतरला. स्टुडिओतला पाय काढून नुसतं व्हायोलिन लावतो, तुम्ही त्याच्यावर ठेका धरा, असं त्याने सुचवलं. लगबगीने खुर्ची मांडली, मायक्रोफोन जमिनीजवळ आणला आणि निव्वळ सवयीने मला तिच्या पायाखाली अंथरलं.

“फ्रोडे,” ती म्हणाली, “तू शिकलास तरी किती रे?”

दोन पदव्या आहेत, असं तो पुटपुटला. तिने वाकून मला उचललं, घडी केली आणि स्वतःच्या मांडीवर ठेवलं. मग उघड्या फळ्यांवर तिचा बूट पडला. तोनेने डोळे मिटले. तिसऱ्या मात्रेला नातीची टाच अचूक उचलली गेली.

त्या ठेक्यासह माहितीपट फ्रोडेने पुन्हा एका स्पर्धेला पाठवला. पायांची आदळआपट फार आहे, असं परीक्षकांनी कळवलं. तोनेला मात्र चाल बसली आहे.

मी गुनवोरकडेच राहिलो. तिचे गुडघे गारठतात, मी ते झाकतो. कुणी उसना मागायला आलं तर एवढी विनंती आहे, मला पुन्हा पायाखाली घालू नका. इथून मला ऐकू येतं.