सिमेंटच्या पोत्यांखालचा रियास

मित्रांनो, मित्र म्हणतोय ते केवळ रीत म्हणून. तुमच्यापैकी कुणी माझं नाव तरी ऐकलंय का? मी रियास. तोबा तळ्याच्या काठी, नाई लामरियाच्या परसात, मोरीच्या पाण्यावर म्हातारा झालो. आलं, हळद, वेलची ही सगळी माझीच भावकी. आलं चहात बुडून मरतं, हळद दिसेल त्याला पिवळं करत सुटते, आणि वेलची डबीत बसून भाव खाते. असली लाचारी मला जमत नाही. मी जमिनीतून सरळ दांडा काढतो, टोकाला लालभडक कळी. अशी आंबट, की माशाचा चिखलट वास कुठल्या कुठे पळतो.

नाई लामरिया म्हणजे लामरियाची आई. इथे बाईला थोरल्या लेकराच्या नावानंच हाक मारतात. नवरा गेल्यावर तिनं माझ्या कळ्या बाजारात विकून दोन पोरं वाढवली. त्या पोरांनी कधी माझ्याकडे वळून पाहिलं? छे! धाकटा तोगार तर माझ्या बुंध्याशी नाक शिंकरायचा.

तो तोगार मोठा झाला, म्हणजे निदान उंच झाला. पाहुण्यांसाठी खोल्या बांधायचं खूळ त्याच्या डोक्यात शिरलं. एका सकाळी कोयता घेऊन आला, माझी पुरुषभर उंच पानं सपासप आडवी केली आणि वर सिमेंटची पोती रचली.

"अरे मेल्या, लामरियाला सातवा लागलाय! मासा कशात शिजवू?" आई ओरडली.

"लिंबू पिळ की, इनांग," तो आईला म्हणाला.

"लिंबू स्वतःच्या टाळक्यावर चोळ! तुझ्या बहिणीनं दोन लेकरं पोटातच गमावलीत. या खेपेला तिनं एवढंच मागितलंय, आईच्या परसातल्या रियासमधला मासा. आणि तू तिला लिंबू खाऊ घालतोस?"

सातव्या महिन्यात माहेरानं अख्खा मासा न्यायचा, ही आमच्याकडची रीत. खवल्यांसकट, कुठेही न तोडता. तोगार तोंड पाडून बाजारात गेला. हॉटेलवाल्यांनी कळ्या पहाटेच उचलल्या होत्या. हात हलवत परत आला शहाणा.

या माणसांची मला कीव येते. तोडायचंच होतं, तर धड तोडायचं तरी! माझं खोड जमिनीखाली असतं आणि फुलाचा दांडा पानांपासून वेगळा, थेट मातीतून येतो. इथेच जन्मून एवढं ठाऊक नाही. मी दोन पोत्यांच्या फटीतून कळी वर काढली. माया वगैरे म्हणून नव्हे हं, निव्वळ संतापानं. तोगारची बायको होतमा भांडी घासायला निघाली, तिला माझ्या दांड्याची सणसणीत ठेच लागली.

"आई गं! अहो, इकडे या! हे बघा काय उगवलंय!"

आईनं ती कळी उभी चिरून माशाच्या पोटात भरली. आलं, हळद, सगळी भावकी वाटून भांड्यात आलीच, फुकटचा मान घ्यायला. मग होडीतून निघालो. कळीत मीच होतो, त्यामुळे पुढचं सगळं मी माशाच्या पोटातून पाहिलं.

लामरियाच्या सासरी चटया अंथरल्या होत्या. ती भिंतीला टेकून बसली होती, पोटावर दोन्ही हात. बापाच्या जागी आता भाऊ, म्हणून ताट तोगारनं ठेवायचं. ज्यानं आयुष्यात स्वतःचं खरकटं ताट उचललं नाही, तो काय ठेवणार! ठेवलं, आणि शेपटी बहिणीकडे, डोकं दाराकडे.

ज्याला मासा द्यायचा, त्याच्याकडे माशाचं तोंड हवं, हे शेंबड्या पोरालाही कळतं. लामरियाचा चेहरा पांढराफटक पडला.

"इतो," ती भावाला हळूच म्हणाली, "हाही मला सोडून चाललाय का रे?"

"फिरव, गाढवा!" आई दातओठ खात पुटपुटली.

तोगारनं ताट फिरवलं. घाईघाईत रस्सा त्याच्या नव्या विजारीवर सांडला. पाठ केलेला आशीर्वाद विसरला. बहिणीला नुसतंच म्हणाला, "इतो, हे जगू दे. बाकी मला काही बोलता येत नाही." आणि भर बैठकीत हुंदके देत बसला. रस्स्यात भिजलेला रडका बाप्या! पण त्याच्यावर हसावंसं मला वाटेना, याचाच मला राग आला.

लामरियानं एक घास घेतला. आंबटानं डोळे मिटले, तोंड वाकडं झालं. मग दुसरा घास, तिसरा. मग ताटच पुढ्यात ओढलं.

"इनांग," ती भरल्या तोंडानं म्हणाली, "बाळाला घेऊन येईन ना, तेव्हा असाच कर."

इतक्या महिन्यांत तिच्या तोंडून 'बाळ' हा शब्द कुणीच ऐकला नव्हता. आईनं पदर तोंडात कोंबला.

मित्रांनो, ते बाळ यायला दोन महिने उरलेत. तोगार रोज म्हणतो, उद्या हलवतो पोती. खाली मला कोंभ फुटलेत आणि त्यांना ऊन लागतं. तुमचं प्रेम, तुमची भाषणं तुमच्यापाशीच ठेवा. कुणीतरी या आणि ती पोती तेवढी उचला.