मागच्या खोलीचं पाणी

“गोजे, भाडेकरूशी भांडायची येळ आली तर भांड. पंचांत ने, कोर्टात ने. पर त्याच्या पान्याला हात लावू नगंस.”

सासूबाईंना जाऊन किती पावसाळे उलटले, पण हे बोल गोजाबाईंच्या कानात अजून ताजे होते. पुण्यातल्या सुनावणीहून परतताना गाडी चालवणाऱ्या शेखरनं तोंडाचा पट्टा सोडला होता आणि त्या मात्र तो जुना आवाज ऐकत होत्या.

“आई, तुला कुणी बोलायला सांगितलं होतं गं? वकील होता ना आपला!”

“सायबानं मलाच इचारलं. मुक्याचं सोंग घेऊ व्हय?”

काळेवाडीतल्या त्यांच्या घरामागच्या दोन खोल्या पडल्या, एक राहिली. तिथं कंपनीतून निवृत्त झालेला ज्योतीराम आणि त्याची बायको यशोदाबाई राहत. इकडं गोजाबाईंची लेक पूनम नवऱ्याचं घर सोडून आली होती. स्वयंपाकघरात अंथरूण टाकत होती. ती खोली मिळाली, तर मागच्या रस्त्याकडे दार काढून तिला शिवणाचा क्लास सुरू करता आला असता. गरज खरी होती. पण उतारवयात ज्योतीरामनं तरी कुठं जावं? त्याचीही गरज खरीच.

शेखरला घाई झाली होती. लीव्ह अँड लायसन्सवाला, म्हणजे मुदतीच्या करारावर राहणारा, मुदत संपूनही निघत नसेल तर त्याचं प्रकरण सक्षम प्राधिकाऱ्यापुढं चालतं, तिथं लवकर मोकळं होता येतं, असं त्याला कुणी तरी सांगितलं. झालं! करार होता पण गहाळ झाला, असं लिहून त्यानं अर्ज ठोकून दिला.

आज तिथल्या साहेबांनी गोजाबाईंनाच विचारलं, “आजी, मुदत घालून करार केला होता का तुम्ही?”

“कसला करार, सायेब? माझ्या सासूनं यांच्या चुलीपाशी भरली घागर ठिवली. म्हनली, हितं हाय तवर पान्याला न्हाई म्हननार न्हाई. यशोदेला कुंकू लावलं. येवढंच.”

शेखरनं कपाळाला हात लावला. साहेबांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

“मग हे लायसन्स नव्हे, आजी. हे तुमचे जुने भाडेकरू. त्यांचा वाद ऐकायचा अधिकार मला नाही. स्वतःच्या गरजेसाठी खोली हवी असेल, तर दिवाणी कोर्टात दावा लावा.”

समोरच्या बाकावरच्या ज्योतीरामनं हात जोडले. साहेबांना की गोजाबाईंना, ते कळलं नाही.

“आता दिवाणी!” शेखर गाडीत धुमसत होता. “पुन्हा वकील, पुन्हा तारखा. पूनीचे केस पिकतील तोवर.”

“पिकू देत. खोटं बोलून खोली घेतली तर तिच्या मशीनला दोरा टिकंल का?”

“तू आणि तुझा दोरा!”

दुसऱ्या दिवशी पाण्याची पाळी होती. काळेवाडीत पाणी दिवसाआड. गोजाबाईंचा नेम ठरलेला: अंघोळ, मग मागच्या खोलीचा पिंप भरू लागल्याचा आवाज ऐकायचा, मग तुळशीला पाणी घालायचं आणि मगच चहाचा घोट. तोवर तोंडात थेंब नाही. हा क्रम सासूबाईंनी घालून दिलेला.

आज स्वयंपाकघरातला नळ भरभरून वाहत होता. मागून मात्र पिंपाचा आवाज नाही.

शेखर बोळातून हात पुसत आला. मागच्या पाइपच्या कॉकची मूठ त्यानं डब्याच्या पिशवीत टाकली.

“हे काय रं?”

“बंद केलंय मागचं. कोर्ट आपल्याला हिंडवतंय ना? बघू आता ज्योतीराम किती दम काढतो.”

“शेखर, तुझी आज्जी...”

“आज्जी गेली, आई. पूनी हाय. तिचं बघ.” एवढं बोलून त्यानं गाडी चालू केली आणि चाकणला कामाच्या वाटेला लागला.

लेकराचं खोटं नव्हतं ना! बहिणीसाठीच जीव तुटत होता त्याचा.

थोड्या वेळानं यशोदाबाई दाराशी आली. कमरेला रिकामी कळशी.

“काकू, आमच्या नळाला पाणी येईना झालंय. तुमच्याकडं यायलंय का?”

येत नाही म्हणावं, तर आत नळ धो धो वाजत होता. आणि खोटं बोलायची सवय जिभेला कधी लागलीच नव्हती.

“आलंय,” गोजाबाई म्हणाल्या.

यशोदाबाईनं बोळातल्या पाइपकडं पाहिलं. कॉकच्या मुठीच्या जागी नुसता दांडा उभा होता. तिला सगळं उमजलं. ना ती रागावली, ना रडली. “बरं,” म्हणाली आणि कळशी दुसऱ्या कमरेवर घेऊन मागं वळली. भरलेली असल्यागत.

पूनमनं कप आणून पुढ्यात ठेवला.

“आई, चहा.”

“ठेव.”

“निवेल.”

“निवू दे. तुळशीला पानी घातलं न्हाई अजून.”

“मग घाल ना. बादली भरलीय.”

गोजाबाई हलल्या नाहीत. पूनम उंबऱ्यात टेकली. पदराचा काठ बोटाला गुंडाळत राहिली.

“माझ्यासाठीच चाललंय ना हे सगळं?” ती खालच्या आवाजात म्हणाली. “दादाला मी काय सांगू? खोली नको म्हणू?”

“नको कशाला म्हनतीस? खोली पायजेच. दावा लावू. मी सोता येते कोर्टात, जज सायबाफुडं उभी ऱ्हाते. माझ्या लेकीला जागा द्या म्हनते.” गोजाबाईंनी गुडघ्यावर हात टेकला. “ते भांडान तिथलं. पानी हितलं.”

“दादा आल्यावर घर डोक्यावर घेईल.”

“घिऊ दे. दमला की ठिवंल खाली.”

पूनमला हसू आलं, आणि डोळेही भरले.

कोनाड्याखाली सासूबाईंची तांब्याची घागर होती. सणावारालाच निघायची. गोजाबाईंनी ती नळाखाली धरली. काठोकाठ भरू दिली. उचलताना गुडघ्यातून कळ गेली तशी पूनम उठली, पण त्यांनी हातानंच तिला बस म्हटलं.

घागर कमरेवर घेऊन त्या अंगणात आल्या. उन्हं वृंदावनावर आली होती. तुळशीची पानं जरा मलूल दिसत होती. त्या क्षणभर तिथं थांबल्या. घागर मात्र खाली ठेवली नाही.

“आदी त्यांचं, मग तुझं, माय,” असं पुटपुटून त्या मागच्या बोळाकडं निघाल्या.