पेडलला करडीचं तेल

उजाडताच लुंबिनी सायकल घेऊन देगलूरच्या रस्त्याला लागली. धुरपताबाई नेहमीसारख्या गेटापर्यंत गेल्या आणि नातीच्या पायांकडे बघत राहिल्या. चेहऱ्याकडे नाही, पायांकडे. खट्, खट् असे दोन आवाज झाले, दोन्ही बूट पेडलांत अडकले आणि पोर वळणाआड गेली.

या पेडलांशी धुरपताबाईंचं पहिल्या दिवसापासून वाकडं होतं. क्लिपलेस म्हणतात त्यांना, असं लुंबिनीनं सांगितलं होतं. बुटाच्या तळाला एक लोखंडी पट्टी, पेडलात स्प्रिंगचा जबडा. पट्टी त्यात बसली की पाय धरला जातो. सोडवायचा तर टाच बाहेरच्या अंगाला फिरवायची. चढावर याचा फार उपयोग होतो, असं तिनं भिंतीला टेकून समजावलं. आजीला त्यातलं एवढंच कळलं, की पोरीचा पाय जबड्यात आहे आणि रस्त्यावर उसाच्या ट्रॉल्या आहेत.

त्यांचे मालक नरसिंगराव मोंढ्यातून, धान्याच्या बाजारातून, सायकलवर घरी यायचे. पायजम्याला रबर लावलेलं, कॅरिअरला पिशवी. समोर बैल उधळला की सायकल तिथंच टाकायची आणि बाजूला उडी मारायची. दोनदा हँडल वाकलं होतं, पण माणूस शाबूत घरी यायचा. उडी मारायला पाय मोकळे होते ना.

साधे पेडल बसव, म्हणून त्यांनी नातीच्या किती विनवण्या केल्या. पोरगी हसायची. म्हणायची, "आजी, तू मला झोळीत बांधून निजवायचीस, तवा न्हाई भ्याव वाटलं?"

पुढच्या रविवारी नांदेडला शर्यत होती. लुंबिनी लातूरला शिकायला. सरावापुरती सुट्टीला उदगीरला यायची. मधे परीक्षा आली आणि सायकल तीन आठवडे गच्चीवर उभी राहिली. पेडल निघत नाहीत तर निदान मऊ तरी राहावेत, म्हणून धुरपताबाई रोज संध्याकाळी गच्चीवर जायच्या. कापसाची वात करडीच्या तेलात बुडवून जबड्यात फिरवायच्या, अंगठ्यानं स्प्रिंग दाबून बघायच्या. जबडा लोण्यासारखा हलायचा. दाराची बिजागरी असो की पोरांची टाळू, या घरात सगळ्याला करडीचंच तेल लागत आलं होतं. कुणाला सांगायची त्यांना गरज वाटली नाही. मग गुडघा धरला आणि शेवटचे आठ-दहा दिवस जिना चढणं जमलं नाही. लुंबिनी काल आली आणि आज पहाटे अंधारातच तिनं सायकल खाली उतरवली.

आता पिठलं टाकावं म्हणून धुरपताबाईंनी तेलाचा डबा ओढला. डब्याच्या तोंडाभोवती ओघळलेलं तेल वाळून पिवळं, चिकट झालं होतं. त्यांनी नखानं खरवडलं. साल निघावी तशी ती पापडी निघाली आणि बोटाला चिकटून बसली. झटकली तरी सुटेना.

बोटाकडे बघता बघता त्यांना जुनी शिवणाची मशीन आठवली.

चाळीस वर्षं झाली असतील. त्या घरी कपडे शिवायच्या. मशीनचं तेल संपलं म्हणून त्यांनी करडीचं घातलं. आधी मशीन पाण्यासारखी पळाली. मग महिनाभर माहेरी राहून आल्या, तर चाक हलेना. बसलिंगप्पा कारागिरानं मशीन उघडली, आतली पिवळी चिकटी दाखवली आणि म्हणाला, "बाई, ही मशीन हाय, वांग्याची भाजी न्हाई. करडीचं तेल वाळलं की त्याचा डिंक होतंय."

पेडल तर गच्चीवर, फाल्गुनाच्या उन्हात होते.

त्यांनी लुंबिनीला फोन लावला. वाजून वाजून बंद झाला. पुन्हा लावला. सायकल चालवताना ती फोन घेत नाही हे त्यांना माहीत होतं, तरी हात थांबेना. विनोद, त्यांचा मुलगा, आंघोळ करून आला तेव्हा पिठलं अजून टाकलेलंच नव्हतं. त्यांनी त्याला पेडलच्या तेलाचं सांगितलं. लोखंडाला तेल लावलं तर बिघडतं काय, असं तो म्हणाला. धुरपताबाईंनी चिकट बोट त्याच्यापुढे धरलं.

"आत जाताना अंगाचा भार असतोय, म्हणून पाय गेला. यायचा कसा? माझ्या हातानं मी पोरीचे पाय बांधलेत. गाडी काढ."

विनोदनं मोटरसायकल काढली, त्या मागं बसल्या.

रस्त्याच्या दोन्ही बाजूंना काढणीला आलेली करडी उभी होती, काटेरी आणि वाळलेली. धुरपताबाईंना तिच्याकडे बघवेना. समोर ट्रॉली दिसली की त्या विनोदचा खांदा आवळायच्या. ट्रॉली गेली की तिच्यामागे रस्त्यावर काही पडलंय का, ते बघायच्या. मनात हिशोब एकच होता. सरळ रस्त्यावर पोर सुखरूप आहे. थांबावं लागलं की संपलं. पण या रस्त्यावर न थांबता कोण गेलंय? कुठं शेरडं आडवी येतात, कुठं टेम्पो वळतो. त्यांना वाटलं, नरसिंगराव असते तर काही बोलले नसते, नुसतं बघितलं असतं. ते बघणं त्यांना आठवलं.

फाट्यावर लिंबाच्या झाडाला सायकल टेकवलेली दिसली. पेडलात एक बूट होता. नुसता बूट, त्यात पाय नव्हता.

धुरपताबाईंना गाडीवरून आपण कसं उतरलो ते कळलं नाही. बाजूच्या चहाच्या टपरीत लुंबिनी बाकावर बसली होती. एका पायात बूट, दुसऱ्यात नुसता मोजा. कोपर सोललेलं, डाव्या अंगाला सगळी माती. आजीला बघून तिनं हातातला कप खाली ठेवला.

टेम्पो आडवा वळला, तिनं ब्रेक मारला, टाच फिरवली आणि पाय निघालाच नाही, असं तिनं बापाला सांगितलं. डावीकडं मातीत पडली. मग बुटाचा वरचा पट्टा सोडवून कसाबसा पाय बाहेर ओढला; दुसरा पडतानाच हिसक्यानं सुटला होता. उजवीकडं टेम्पोचं चाक होतं. ते बोलताना ती कोपराकडे बघत होती.

"माझंच चुकलं असंल, पप्पा. ऐन वेळेला घाबरले. मला न्हाई जमायचं हे. साधे पेडल बसवून टाकू. नांदेडला बी नको."

धुरपताबाई तिच्या शेजारी बसल्या. वर्षभर जे ऐकायचं होतं ते पोर आपल्या तोंडानं म्हणत होती. आता नुसतं गप्प बसायचं. पोरगी साध्या पेडलवर फिरेल, पाय मोकळे राहतील आणि रविवारी त्यांना गेटावर उभं राहून श्वास धरावा लागणार नाही. विनोदनं आईकडे बघितलं.

लुंबिनी मोज्याला लागलेली माती झाडत होती. लहानपणी मार खाऊन आली की अशीच खाली मान घालून फ्रॉक झाडायची.

"तू न्हाई घाबरलीस," धुरपताबाई म्हणाल्या. "पेडलला मी करडीचं तेल लावलं. रोज. तुला न सांगता. त्याचा डिंक झाला."

लुंबिनीनं मोजा झाडायचा सोडून त्यांच्याकडे बघितलं. मग म्हणाली, "आजी, फोडणी बी घालायची ना मग. मोहरी कशाला राहू दिलीस?" आणि बोलता बोलता रडायला लागली. पडल्यावर ती रडली नव्हती.

विनोदनं गाडीतून थोडं पेट्रोल काढलं. टपरीवाल्यानं भट्टीपासून लांब जायला सांगितलं, तसे ते झाडामागं गेले. धुरपताबाईंनी अंबाड्यातला आकडा काढला आणि बसलिंगप्पानं मशीनमध्ये केलं होतं तसं पेट्रोलच्या फडक्यानं आणि आकड्याच्या टोकानं एकेक सांध्यातली पिवळी घाण खरवडून काढली. त्यात गच्चीवरची धूळ मिसळून काळी झाली होती. स्प्रिंग परत दाबली जायला लागली तेव्हा लुंबिनीनं आपल्या पिशवीतलं सायकलचं तेल दोन थेंब सोडलं आणि बाकीचं पुसून घेतलं.

मग कुणीच पुढे होईना. लुंबिनी सायकलकडे बघत उभी राहिली. शेवटी धुरपताबाईंनीच हँडल दोन्ही हातांनी धरलं, पाय रोवून समोर उभ्या राहिल्या आणि तिला वर बसायला सांगितलं.

"आजी, तुला पेलणार न्हाई."

"बस."

ती बसली. खट्. बूट अडकला. आजीची बोटं हँडलवर पांढरी पडली. लुंबिनीनं टाच फिरवली. खट्. पाय बाहेर.

"आणिक एकदा," धुरपताबाई म्हणाल्या.

डावा, उजवा, परत डावा. टपरीवरची माणसं बघायला लागली, विनोद घड्याळ बघायला लागला, लुंबिनी बास म्हणाली. धुरपताबाईंनी हँडल सोडलं नाही. त्या नातीच्या पायांकडे बघत होत्या आणि प्रत्येक वेळी आत जाणाऱ्या आवाजापासून बाहेर येणाऱ्या आवाजापर्यंत श्वास धरत होत्या.

"आणिक एकदा काढ."